रीलमधला चालणारा मासा एआयने बनवलेला नाही, ती आपल्या खाडीतली निवटी आहे

तुमच्या फीडमध्येही हा व्हिडिओ कधी ना कधी येऊन गेला असेल. ओहोटीचा काळपट चिखल आणि त्यावर वीतभराहून थोडा लहान मासा. डोळे बेडकासारखे थेट डोक्यावर. पुढच्या दोन परांवर जोर देत, कुबड्या घेतलेल्या माणसासारखा तो पुढे सरकतो. मध्येच डोळा मिचकावतो आणि शेपटी आपटून टुणकन उडी मारतो. खालच्या कमेंट्सही ठरलेल्या असतात. "एआय आहे भावा." "उत्क्रांती लाइव्ह चालू आहे." "हा फक्त जपानमध्ये मिळतो."

तिन्ही चूक. हा मासा खरा आहे, तो माणूस व्हायच्या वाटेवर वगैरे नाही, आणि तो बघायला जपानला जायची गरज नाही. ठाणे, नवी मुंबई, उरण, पालघरकडच्या खाड्यांमध्ये तो आहे. आगरी-कोळी घरातल्या कुठल्याही आजीला तो व्हिडिओ दाखवा, ती एका सेकंदात सांगेल, "निवटी हाय ती." काही ठिकाणी निवटा म्हणतात. बाजारात ती जिवंत विकायला येते, आणि निवट्यांचं कालवण खाल्लेला माणूस त्याबद्दल तुम्हाला या लेखापेक्षा जास्त वेळ सांगेल.

इंग्रजीत या गटाला मडस्किपर म्हणतात. आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यापासून भारत, मलेशिया, जपान, ऑस्ट्रेलियापर्यंत त्यांच्या तीसहून जास्त प्रजाती आहेत. आपल्याकडची मोठी, ताटात येणारी निवटी ही बोलिओफ्थाल्मस गटातली. त्यातल्या एका प्रजातीचं नाव बोलिओफ्थाल्मस दुसुमिएरी. ज्याँ-जाक दुसुमिए नावाचा एक फ्रेंच व्यापारी हिंदी महासागरात फिरताना प्राण्यांचे नमुने गोळा करून पॅरिसला पाठवायचा, त्याच्यावरून १८३७ मध्ये हे नाव पडलं. इराणच्या आखातापासून भारताच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत ही प्रजाती सापडते. दुसरा गट पेरिओफ्थाल्मस. त्यातले मासे लहान असतात आणि चिखलावर, तिवरांच्या मुळांवर जास्त धावपळ करतात. दोन्ही नावांमधलं 'ऑफ्थाल्मस' म्हणजे ग्रीक भाषेत डोळा. नाव देणाऱ्यांनाही पहिल्यांदा डोळेच दिसले असणार.

मग ही उत्क्रांती नाही का?

उत्क्रांती आहेच, पण कमेंटमध्ये म्हणतात तशी नाही. आपले, म्हणजे चार पायांच्या सगळ्या प्राण्यांचे पूर्वज ज्या माशांमधून आले, त्यांच्या परांमध्ये जाडजूड हाडं होती. टिक्टालिक हा त्या वळणावरचा प्रसिद्ध जीवाश्म. तो कॅनडाच्या आर्क्टिक भागात २००४ मध्ये सापडला आणि साधारण ३७.५ कोटी वर्षं जुना आहे. निवटी त्या घराण्यातली नाही. ती गोबी नावाच्या माशांच्या मोठ्या गोतावळ्यातली आहे. नात्याने बघितलं तर ती आपल्यापेक्षा सुरमई आणि बोंबलाला कितीतरी जवळची. तिच्या पूर्वजांनी जमिनीवर यायचा मार्ग वेगळा, स्वतंत्र आणि खूप नंतर शोधला.

त्यामुळे तिला 'अर्धवट बनलेला बेडूक' समजू नका. ती कुठेही पोचायच्या वाटेवर नाही. दिवसातून दोनदा पाणी येतं आणि दोनदा जातं, अशा जागेसाठी ती पूर्ण तयार झालेली आहे. पुढचं सगळं वाचताना ही एक गोष्ट डोक्यात ठेवा: तिला पाणीही लागतं आणि हवाही, आणि दोन्ही वेळच्या वेळी लागतात.

पाण्याबाहेर श्वास कसा घेते?

आधी साधा प्रश्न. मासा पाण्याबाहेर का मरतो? हवेत तर पाण्यापेक्षा कितीतरी जास्त ऑक्सिजन आहे. एक लिटर हवेत सुमारे २१० मिलिलिटर ऑक्सिजन असतो. आपल्याकडच्या कोमट समुद्राच्या एका लिटर पाण्यात तो जेमतेम ५ मिलिलिटर असतो, बऱ्याचदा त्याहूनही कमी. मग अडतं कुठे?

अडतं कल्ल्यांपाशी. मासा साफ करताना डोक्याच्या बाजूला जी लालसर झालर दिसते, ते कल्ले. पाण्यात या झालरीचे पापुद्रे सुटे-सुटे तरंगतात आणि प्रत्येक पापुद्र्याला पाणी लागतं. हवेत आणलं की ते भिजलेल्या वहीच्या पानांसारखे एकमेकांना चिकटतात. ऑक्सिजन घ्यायला जागाच उरत नाही. भोवती भरपूर ऑक्सिजन असून मासा गुदमरतो.

निवटीने यावर दोन-तीन उपाय एकत्र वापरलेत. तिचे कल्ले जरा ताठ असतात, सहज चिकटत नाहीत. बाहेर येताना ती तोंडात आणि कल्ल्यांच्या कप्प्यात पाणी भरून आणते. पाणबुड्या हवेची टाकी घेऊन पाण्यात उतरतो, ही पाण्याची टाकी घेऊन हवेत येते. पण खरं मोठं काम करते तिची कातडी आणि तोंडाच्या आतलं अस्तर. तिथे रक्ताच्या बारीक नळ्या इतक्या वरच्या थरात असतात की ओलाव्यातून ऑक्सिजन सरळ रक्तात उतरतो. अट एकच, कातडी ओली पाहिजे. व्हिडिओत ती मध्येच एका कुशीवर लोळते ना, ते लाडात येऊन नाही. ती स्वतःला भिजवून घेत असते.

कडक ऊन आणि सुकलेला चिखल तिला चालत नाही तो यामुळेच. 'पाण्याबाहेर राहणारा मासा' असं आपण म्हणतो खरं, पण ती ओलाव्याबाहेर कधीच जात नाही.

डोळा मिचकावणारा मासा

हा भाग मला स्वतःला सगळ्यात आवडतो. माशांना पापण्या नसतात आणि गरजही नसते, कारण डोळा कायम पाण्यातच असतो. निवटीलाही आपल्यासारखी पापणी नाही. तिच्या डोळ्याखाली कातडीची एक वाटी आहे. मिचकावताना पूर्ण डोळा त्या वाटीत खाली जातो आणि वाटीच्या कडा वरून मिटतात.

२०२३ मध्ये अमेरिकेतल्या संशोधकांनी (त्यात जॉर्जिया टेक आणि पेन स्टेट विद्यापीठातले लोक होते) वेगवान कॅमेऱ्यांनी हे मोजलं. हवा कोरडी असली की मासा जास्त मिचकावतो. डोळ्यात कचरा गेला की मिचकावतो. डोळ्याला काही लागेल असं वाटलं तरी मिचकावतो. म्हणजे ओलं करणं, साफ करणं आणि वाचवणं. आपणही याच तीन कारणांसाठी मिचकावतो. तिच्याकडे अश्रू तयार करणाऱ्या ग्रंथी नाहीत, म्हणून कातडीचा चिकट स्राव आणि आजूबाजूचं पाणी मिसळून ती काम भागवते. आपलं आणि तिचं घराणं वेगळं, जमिनीवर यायची वेळ वेगळी, तरी हवेत डोळा उघडा ठेवायचा प्रश्न दोघांना एकाच पद्धतीने सोडवावा लागला.

जीभ नसताना खाते कशी?

पाण्यात मासा तोंड झटकन उघडतो, पाणी आत खेचलं जातं आणि त्याच्याबरोबर भक्ष्यही. हवेत ही युक्ती चालत नाही. हवा कितीही आत ओढली तरी चिखलावरचा किडा उचलला जात नाही. बेडकाकडे त्यासाठी जीभ आहे, निवटीकडे तशी नाही.

बेल्जियममधल्या अँटवर्प विद्यापीठाच्या गटाने २०१५ मध्ये आफ्रिकेतल्या एका मडस्किपरचं वेगवान आणि क्ष-किरण चित्रण केलं. त्यात दिसलं की मासा भक्ष्यावर तोंड टेकवायच्या आधी तोंडातलं पाणी किंचित बाहेर काढतो, ते भक्ष्याभोवती पसरतं, आणि मग तो पाणी आणि भक्ष्य दोन्ही एकत्र आत ओढतो. पाण्याचीच जीभ! खाली पाणी शोषून घेणारा पृष्ठभाग ठेवून ते पाणी हिरावून घेतलं, तर त्याला गिळायला अडचण यायला लागली.

हे झालं किडे, लहान खेकडे खाणाऱ्या छोट्या मडस्किपरचं. आपली मोठी निवटी मात्र बरीचशी शाकाहारी म्हणायला हरकत नाही. ओहोटीला चिखलावर ऊन पडलं की त्यावर सोनेरी-तपकिरी पातळ साय दिसते. नीट बघितलं तरच दिसते, नाहीतर सगळा चिखल सारखाच वाटतो. ती साय म्हणजे डायटम नावाची सूक्ष्म शैवालं. दिवसा पाणी ओसरलं की ती प्रकाशासाठी चिखलाच्या वर सरकून येतात आणि पाणी चढायच्या वेळी परत खाली जातात. निवटी डोकं डावीकडे-उजवीकडे हलवत ही साय खरवडून खाते. लांबून बघितलं तर कोणी ओल्या फडक्याने फरशी पुसतंय असं वाटतं.

इथे आणखी एक गंमत आहे. कुवेतच्या किनाऱ्यावर याच गटातले मासे आपल्या बिळाभोवती चिखलाचे छोटे बांध घालतात आणि शेजाऱ्यांच्या बांधांना बांध लागून पंचकोनी वाफे तयार होतात, अशी नोंद १९८० च्या दशकात झाली. ओहोटीतही वाफ्यात थोडं पाणी साचून राहतं आणि शैवालाचं पीक चांगलं येतं. शेजारी हद्दीत शिरला की पाठीवरचा पर उभारून भांडण. बांधाला बांध लागला की भांडण होणारच, हे गावाकडच्या लोकांना वेगळं सांगायला नको.

बिळातली हवा आणि रात्रीची भरती

आता सगळ्यात महत्त्वाचा भाग. निवटी चिखलात बीळ खणते. भरतीला, उन्हाला आणि बगळ्यांना चुकवायला ते लागतंच, पण अंडीही तिथेच घालायची असतात. आणि तिथे एक मोठी अडचण आहे.

खाडीचा चिखल बोटाने थोडा उकरला तरी खाली काळा निघतो आणि सडक्या अंड्यासारखा वास येतो. लोक म्हणतात, गटाराचं पाणी सोडलंय. आपल्या शहरांजवळ ते बऱ्याचदा खरंही असतं, पण अगदी स्वच्छ खाडीतसुद्धा खालचा चिखल काळाच असतो. त्यात ऑक्सिजन जवळपास नसतोच. अशा ठिकाणी ऑक्सिजनशिवाय जगणारे जिवाणू काम करतात आणि त्यातून हायड्रोजन सल्फाइड हा वायू तयार होतो. वास त्याचाच. मग अशा चिखलात, जवळपास ऑक्सिजन नसलेल्या पाण्याने भरलेल्या बिळात अंडी जगतात कशी?

१९९८ मध्ये जपानी संशोधक अत्सुशी इशिमात्सु आणि सहकाऱ्यांनी 'नेचर'मध्ये याचं उत्तर दिलं. मलेशियातल्या एका मोठ्या मडस्किपरच्या बिळात त्यांना हवेचा साठा सापडला. मासा वर येऊन तोंडभर हवा घेतो, बिळात खाली जातो आणि आतल्या घुमटीसारख्या जागेत ती सोडतो. मग पुन्हा वर, पुन्हा तोंडभर हवा, पुन्हा खाली. वर भरतीचं पाणी चढलेलं असताना खालच्या खोलीत हवा भरून ठेवलेली असते. लाइट जाणार हे माहीत असलं की आपण पॉवर बँक भरून ठेवतो, त्यातलाच प्रकार.

२००७ मध्ये याच मंडळींनी जपानी मडस्किपरवर पुढचा भाग दाखवला, आणि तो वाचून मी खरंच थक्क झालो. बीळ इंग्रजी 'जे' अक्षरासारखं असतं. खाली जाऊन पुन्हा वर वळलेल्या टोकाला अंड्यांची खोली. अंडी त्या खोलीच्या भिंतींना, छताला चिकटवलेली, आणि खोलीत हवा. म्हणजे मासा आपली अंडी हवेत वाढवतो. नर तिथे थांबतो आणि हवा आणून आणून भरत राहतो.

पण अंडी फुटायला पाणी लागतं. म्हणून पिल्लं तयार झाली की एका रात्री, भरती चढत असताना, नर उलटं काम सुरू करतो. खोलीतली हवा तोंडात घेऊन बाहेर नेऊन सोडतो. हवा कमी होत जाते, पाणी वर येत जातं, अंड्यांना पाणी लागतं आणि ती फुटतात. अंधारात, भरलेल्या पाण्यात पिल्लं बाहेर पडतात आणि काही आठवडे पाण्यात तरंगत वाढून मग पुन्हा चिखलाकडे येतात.

म्हणजे दिवसेंदिवस जपलेली हवा बापाने स्वतःच काढून टाकायची, आणि तीही बरोबर त्या वेळी, जेव्हा बाहेर पाणी असेल. या वेळापत्रकाला कुठलाही नोटिफिकेशन नाही. आहे ती फक्त भरती.

भराव कशाला, एक छोटा बांधही पुरतो

आता विचार करा, ही भरती त्या जागेपर्यंत पोचलीच नाही तर?

खाडीकिनारी राहणाऱ्यांनी हे बघितलेलं असतं. एखादा कच्चा रस्ता होतो, खाली पाणी जायला मोरी ठेवत नाहीत किंवा ठेवलेला पाइप राडारोड्याने बुजतो. रस्त्याच्या पलीकडे समुद्राचं पाणी यायचं बंद. कोणी एकही झाड तोडलेलं नसतं, तरी काही काळाने तिवरं वाळायला लागतात. चिखलाला भेगा पडतात. वरची शैवालाची साय जाते. निवटीला खायला नाही, भिजायला नाही, आणि अंडी घातलीच तर ती फोडायला रात्रीची भरती नाही. मग ती जागा खरंच ओसाड दिसायला लागते आणि 'इथे तसंही काही नाही' असं म्हणायला सोपं जातं.

जपानमध्ये हे फार मोठ्या प्रमाणावर झालं. आरिआके समुद्राच्या इसाहाया उपसागरात शेतजमीन आणि पूरनियंत्रणासाठी सुमारे सात किलोमीटरचा बांध घालून १९९७ मध्ये भरतीचं पाणी अडवलं. आतला मोठा चिखलपट्टा सुकून गेला. आपल्या निवटीची तिथली चुलत बहीण, जपानीत मुत्सुगोरो, त्या सगळ्या वादाचं चिन्ह बनली. बांधाची दारं उघडायची की नाही यावर तिथे वर्षानुवर्षं कोर्टात भांडणं चालली, कारण एका बाजूला मच्छीमार आणि दुसऱ्या बाजूला नवीन जमिनीवर शेती करणारे. कोणाचीच बाजू पूर्ण खोटी नव्हती. पण बांध घालायच्या आधी चिखलाची किंमत शून्य धरली होती, हे मात्र दिसतं.

आपल्याकडे कागदावर संरक्षण बरंच आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २००५ मध्ये कांदळवनं तोडण्यावर आणि तिथे भराव टाकण्यावर बंदी घातली. २०१८ च्या निकालात कांदळवनांचा नाश म्हणजे नागरिकांच्या जगण्याच्या मूलभूत हक्काचा भंग आहे, असं म्हटलं. किनारी नियमन क्षेत्राच्या नियमांत कांदळवनांबरोबर जिवंत चिखलपट्टेही सगळ्यात संवेदनशील वर्गात येतात. ठाणे खाडीत २०१५ मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य झालं आणि २०२२ मध्ये खाडीला रामसर यादीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांमध्ये, स्थान मिळालं.

पण माणसाला झाड दिसतं, चिखल दिसत नाही. फ्लेमिंगोच्या फोटोला लाखो लाइक्स पडतात. ते ज्या चिखलात चोच घालून चरतात त्यात तीच शैवालं आहेत, ज्यांवर निवटी जगते. निवटीवर बगळे, खंड्या आणि खाडीतले पाणसाप जगतात. कोळी बायका-पुरुषही. तरी मोकळा चिखलपट्टा बघितला की चांगल्या मनाच्या लोकांनाही वाटतं, इथे रोपं लावूया. तिवरांची रोपं लावणं चांगलंच, पण ती जिथे आधी होती तिथे. उघड्या चिखलावर लावली तर पक्ष्यांची आणि निवटीची चरायची जागाच आपण झाकून टाकतो. झाडांचा आकडा वाढतो, फोटोही छान येतात, आणि खालचा मासा जातो.

फोन घेऊन निवटी बघायला जायचं असेल तर

जागा आधी सांगतो. नवी मुंबईत ऐरोलीला वनविभागाचं किनारी व सागरी जैवविविधता केंद्र आहे, तिथे कांदळवनातून जाणारी लाकडी वाट आहे. शिवडीच्या धक्क्यावरून ओहोटीला मोठा चिखलपट्टा दिसतो, अटल सेतू तिथूनच सुरू होतो. गोव्यात असाल तर मांडवीतल्या चोडण बेटावरचं सलीम अली पक्षी अभयारण्य. आणि तुमचं गाव कोकणात खाडीवर असेल तर यातल्या कशाचीच गरज नाही.

खरी गोष्ट आहे वेळेची. भरतीला गेलात तर नुसतं पाणी दिसेल. मुंबईच्या भरती-ओहोटीच्या वेळा देणारी बरीच ॲप्स आहेत, आणि हैदराबादच्या इंकॉइस या सरकारी संस्थेच्या संकेतस्थळावरही अंदाज मिळतात. आलेख वर-खाली लाटेसारखा असतो, त्यातला खड्डा म्हणजे ओहोटी. एका दिवसात असे साधारण दोन खड्डे. वेळ रोज सुमारे ५० मिनिटं पुढे सरकते. आज ओहोटी सकाळी ९ ला असेल तर उद्या ९:५० च्या आसपास आणि आठवड्याने दुपारी तीनच्या सुमारास. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं, तेव्हा मुंबईत भरती आणि ओहोटीच्या पातळीत चार मीटरहूनही जास्त फरक पडतो आणि चिखल लांबपर्यंत उघडा होतो. अष्टमीच्या सुमाराला भांग, तेव्हा पाणी फार चढतही नाही आणि उतरतही नाही. ओहोटीच्या तासभर आधी पोचा.

चिखलात उतरू नका. तो दिसतो तेवढा उथळ नसतो आणि बिळंही तुडवली जातात. कडेला बसा आणि पाच-दहा मिनिटं अजिबात हलू नका. निवटीचे डोळे वर असल्यामुळे तुमची सावली तिला लगेच कळते आणि सगळ्या एकदम गायब होतात. न हलता बसलात की एकेक डोळ्यांची जोडी पुन्हा बिळातून वर येते.

फोटोपेक्षा व्हिडिओ घ्या. फोनच्या डिजिटल झूमने फोटो फक्त मोठा होतो, त्यात नवीन तपशील येत नाही. त्यामुळे टेलिफोटो लेन्स असेल तर तीच वापरा, नाहीतर जमेल तेवढं स्थिर राहून नंतर क्रॉप करा. बहुतेक फोनमध्ये सेकंदाला २४० फ्रेमचा स्लो मोशन असतो. तो ३० फ्रेमने चालवला की हालचाल आठपट सावकाश दिसते, आणि डोळा वाटीत जाऊन परत वर येतो ते स्पष्ट बघता येतं. उडी मारतानाही शेपटी आधी वाकते ते दिसतं. हातात फोन धरून स्लो मोशन हलतो, म्हणून कठड्याला टेकवा.

व्हिडिओ रील करून टाकायचा तर टाका, पण त्यातलाच एक स्पष्ट स्क्रीनशॉट आयनॅचरलिस्टवर नोंद म्हणूनही टाका. ॲप आधी फोटो बघून स्वतःच प्रजातीचा अंदाज देतं. मडस्किपरमध्ये हा अंदाज गटापर्यंत ठीक असतो, पण नेमक्या प्रजातीसाठी त्यावर लगेच विश्वास ठेवू नका, कारण फरक दात, पाठीचा पर आणि ठिपक्यांमध्ये असतो. पाठीचा पर उभारलेला फोटो असेल तर ओळखणाऱ्यांचं काम सोपं होतं. नंतर इतर लोक नाव सुचवतात, आणि पुरेशी सहमती झाली की ती नोंद संशोधनयोग्य दर्जाची ठरते आणि संशोधकांना वापरता येते. पुढे कधी त्या जागी भराव पडला, तर 'इथे तसंही काही नव्हतं' म्हणणाऱ्याला दाखवायला तारखेसह नोंद असते. जागा नेमकी दाखवायची नसेल, समजा ती कोणाची निवट्या पकडायची ठरलेली जागा असेल, तर जिओप्रायव्हसीमध्ये ती धूसर करता येते.

तुमच्या जवळच्या खाडीचं काय झालंय हे बघायचं असेल तर गूगल अर्थमध्ये जुनी उपग्रह छायाचित्रं उघडा. हिरवा पट्टा कमी झालाय का एवढंच बघू नका. त्याच्या समोरचा करडा पट्टा बघा, आणि त्याला छेदून गेलेली एखादी सरळ रेघ नवीन आहे का तेही बघा. फक्त ओहोटीचं छायाचित्र आणि भरतीचं छायाचित्र यांची तुलना करू नका, चिखल गायब झाल्यासारखा वाटेल.

आणि हो, परत यायची वेळ ठरवायला घड्याळ लागत नाही. पाणी चढायला लागलं की मोठ्या निवट्या बिळात शिरतात आणि लहान मडस्किपर पाण्याच्या कडेकडेने वर, मुळांवर सरकायला लागतात. त्या तुमच्या दिशेने यायला लागल्या की फोन खिशात टाका आणि निघा.